प्रतिवादी क्रमांक तीन

माझ्या बदलीचा आदेश मला पहिल्यांदा दिसला तो मोबाईलवर. एका सहकाऱ्याने 'काय म्हणू कळत नाही' एवढंच लिहून फोटो पाठवला होता. ऑक्टोबरचा दुसरा आठवडा, संध्याकाळचे सहा वाजून गेलेले. फोटो तिरका होता, खालची सही कापली गेली होती, पण तो पूर्ण वाचायची मला गरजच पडली नाही. 'प्रशासकीय कारणास्तव', 'नावासमोर दर्शविलेल्या ठिकाणी', 'कार्यमुक्त होऊन तात्काळ रुजू व्हावे', 'अन्यथा शिस्तभंगाच्या कारवाईस पात्र राहतील'. ही सगळी वाक्यं माझीच होती. नोकरीतली अकरा वर्षं मी वेगवेगळ्या कार्यालयांत आस्थापनेच्या, म्हणजे नेमणुका-बदल्यांचे कागद हाताळणाऱ्या, टेबलावर काढली. आदेशाचा हा नमुना मीच कधीतरी संगणकावर टंकून ठेवला होता. त्यात तिसऱ्या ओळीत 'पदस्थापना'च्या जागी चुकून 'पदस्थापणा' पडलं होतं. बाणाचा ण. ती चूक कोणी सुधारली नाही. नमुना पेनड्राइव्हवरून एका कार्यालयातून दुसऱ्यात फिरत राहिला, आणि त्या संध्याकाळी तो बाण फिरून माझ्याकडेच आला.

दुसऱ्यांच्या आदेशात 'प्रशासकीय कारणास्तव' लिहिताना माझी बोटं कधी अडखळली नव्हती. त्या दोन शब्दांच्या पोटात काय काय मावतं हे मला चांगलं ठाऊक होतं. कधी खरोखरच एखाद्या ठिकाणी माणूस नसायचा आणि काम तुंबलेलं असायचं. कधी साहेबांचं त्या कर्मचाऱ्याशी पटत नसायचं. कधी ती खुर्ची दुसऱ्या कोणाला हवी असायची आणि त्यासाठी वरून पत्र आलेलं असायचं. कारण कुठलंही असो, बाहेर पडताना अंगावर गणवेश हाच. एक फरक मात्र असतो. प्रशासकीय बदलीला सामानाचा, प्रवासाचा भत्ता मिळतो, विनंती बदलीला मिळत नाही. म्हणून घरी जाऊन मी पहिलं वाक्य बोललो ते असं, "निदान टेम्पोचे पैसे तरी मिळतील." बायको हसली नाही. मुलीचं दहावीचं वर्ष होतं.

महाराष्ट्रात बदल्यांसाठी स्वतंत्र कायदा आहे, हे सरकारी नोकरीबाहेरच्या माणसाला सांगितलं की त्याला नवल वाटतं. नाव लांबलचक आहे: 'महाराष्ट्र शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध अधिनियम, २००५'. १ जुलै २००६ पासून तो लागू आहे. अण्णा हजारे यांच्या आंदोलनांच्या रेट्यातून राज्यात जे कायदे आले त्यांतला हा एक. आम्ही त्याला नुसतं 'बदली कायदा' म्हणतो आणि नावाचा उत्तरार्ध, तो विलंबाचा, सोयीस्कर विसरतो. त्या उत्तरार्धाची आठवण पुढे मला एका भलत्याच माणसाने करून दिली.

कायदा काय म्हणतो, तर गट अ, ब आणि क मधल्या माणसाचा एका पदावरचा सर्वसाधारण कालावधी तीन वर्षांचा. तो पुरा झाल्याशिवाय सामान्यतः बदली नाही. बदल्या वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मे महिन्यात. मध्येच करायची तर अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारण हवं, ते लेखी नोंदवायला हवं, आणि वरच्या प्राधिकाऱ्याची मान्यता आधी घ्यायला हवी. कलम ४, उपकलमं ४ आणि ५. मला त्या पदावर एक वर्ष आठ महिने झाले होते आणि महिना ऑक्टोबर होता. म्हणजे एकाच उडीत दोन्ही कुंपणं ओलांडलेली.

या कायद्यातला चतुर शब्द 'सामान्यतः' हा आहे. त्या एका शब्दाच्या फटीतून मी स्वतः किती माणसं सरकवली असतील, मोजदाद नाही. टिप्पणी लिहिण्याची आमची एक पद्धत असायची. 'विशेष बाब म्हणून' असं लिहायचं आणि ती बाब विशेष का, हे लिहायचं नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये, टी. एस. आर. सुब्रमणियन यांच्यासह निवृत्त सनदी अधिकाऱ्यांनी केलेल्या याचिकेत, बदल्यांसाठी नागरी सेवा मंडळं नेमायला सांगितलं. मंडळ आलं, बैठका आल्या. मी ज्या कार्यालयात होतो तिथे बैठकीचं इतिवृत्त आधी टंकून तयार असायचं, सह्या नंतर फिरवून घ्यायचो. ते टंकायचं काम माझं. हे मी आज लिहितोय याचं कारण असं की वकिलाच्या खोलीत बसून मी 'अन्याय' हा शब्द पहिल्यांदा उच्चारला तेव्हा माझी मलाच जरा लाज वाटली होती.

बदलीविरुद्ध दाद कुठे मागायची, हे तुम्ही कोणाचे चाकर आहात यावर ठरतं. माझा मेहुणा एसटीत वाहक. त्याच्यासारख्याला औद्योगिक न्यायालय. १९७१ च्या अनुचित कामगार प्रथांविरुद्धच्या राज्याच्या कायद्यात, चौथ्या अनुसूचीत, व्यवस्थापनाच्या धोरणाच्या नावाखाली दुष्ट हेतूने बदली करणं ही अनुचित प्रथा म्हणून नोंदलेली आहे. जिल्हा परिषदेच्या शिक्षकाला थेट उच्च न्यायालय. केंद्राच्या कर्मचाऱ्याला कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण. आणि आमच्यासारख्या राज्याच्या कर्मचाऱ्याला मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. १९९१ पासूनचं. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे त्याची पीठं आहेत. तिथे हरलात तर उच्च न्यायालयाच्या खंडपीठाचं दार उघडं असतं, ते १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालामुळे. आस्थापनेवर असताना मॅटचं पत्र आलं की आमच्या पोटात गोळा यायचा. आता त्या दारातून मीच आत जाणार होतो.

वकीलसाहेबांनी आदेश एकदा वाचला आणि विचारलं, "कार्यमुक्त केलंय?"

"त्याच दिवशी. एकतर्फी."

"जागेवर कोणी आलंय?"

"दुसऱ्या दिवशी सकाळी, कार्यालय उघडायच्या आत."

"मग स्थगितीची आशा धरू नका. तुम्ही रुजू कधी होताय?"

मला वाटलं होतं, रुजू न होणं हाच लढ्याचा पहिला भाग. रुजू झालो तर बदली मान्य केल्यासारखं होईल असं मी म्हणालो. त्यावर त्यांनी मला गुजरात वीज मंडळाच्या एका कर्मचाऱ्याची गोष्ट सांगितली. १९७४ साली त्याची सुरतेहून उकाईला बदली झाली. तो गेला नाही, अर्ज करत बसला. मंडळाने त्याला नोकरीतून कमी केलं. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोचलं आणि १९८९ मध्ये निकाल लागला तो मंडळाच्या बाजूने. बदली हा नोकरीचाच भाग आहे, निवेदन दिलंय म्हणून आदेश टाळता येत नाही. "लढायचं तर आधी बॅग भरा," ते म्हणाले, "आणि रुजू अहवालात लिहा, माझे कायदेशीर हक्क अबाधित ठेवून." मी ते वाक्य वहीत उतरून घेतलं. अकरा वर्षं आस्थापनेवर काढूनही हे वाक्य मला माहीत नव्हतं, कारण ते टेबलाच्या पलीकडच्या बाजूचं होतं.

अर्जासाठी मी अकरा पानं लिहून नेली होती. आईचे गुडघे, मुलीची दहावी, बायकोची शाळेतली नोकरी, घराचे हप्ते. साहेबांनी ती शांतपणे वाचली आणि त्यांतली नऊ पानं बाजूला काढली. "हे सगळं खरं आहे," ते म्हणाले, "पण हे न्यायालयाचं नाही, तुमच्या खात्याचं आहे." मग त्यांनी दुसरी गोष्ट सांगितली. ही मी कधी विसरलो नाही.

एस. एल. अब्बास नावाचे एक कर्मचारी भारतीय वनस्पती सर्वेक्षण विभागात, शिलाँगला. काम उद्यानाच्या देखरेखीचं. त्यांची बदली झाली पौडीला, म्हणजे आजच्या उत्तराखंडात. बायको शिलाँगलाच केंद्र सरकारच्या नोकरीत, मुलं तिथल्या शाळेत, आणि स्वतःच्या पाठीच्या कण्याला आधी इजा झालेली. पती-पत्नीला शक्यतो एका ठिकाणी ठेवावं अशी सरकारचीच मार्गदर्शक तत्त्वं होती. न्यायाधिकरणाने त्यांची बाजू घेतली. १९९३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. कोणाला कुठे पाठवायचं हे संबंधित प्राधिकाऱ्याने ठरवायचं, आणि मार्गदर्शक तत्त्वं ही तत्त्वंच, त्यांतून न्यायालयात बजावता येईल असा हक्क जन्मत नाही. त्या माणसाचा मी पुष्कळ विचार केला. रोप एका जागेवरून दुसरीकडे लावताना मुळांभोवतीची माती सांभाळून काढावी लागते, हे ज्याचं रोजचं काम, त्याच्याच कागदात मातीला जागा नव्हती.

उलट बाजूला वरद राव या कर्मचाऱ्याच्या प्रकरणातला १९८६ चा निकाल आहे. सारख्या, अवेळी होणाऱ्या बदल्या कुटुंबाला मुळासकट उपटतात, असं त्यात न्यायालय म्हणून गेलं आहे. दोन्ही निकाल वकील आजही वाचून दाखवतात. वरद राव कर्मचाऱ्याचा वकील वाचतो, अब्बास सरकारचा.

मुलीच्या दहावीसाठी एक आधार निघाला. तामिळनाडूतल्या शिक्षण खात्याच्या एका प्रकरणात, १९९४ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की कामाची निकड नसेल तर मुलांच्या शिक्षणाचा विचार व्हावा, आणि शैक्षणिक वर्ष संपेपर्यंत ती बदली थांबवली. साहेबांनी तो एका परिच्छेदात घातला. "हा कापूर आहे," ते म्हणाले, "मार्चपर्यंतच पुरेल."

मग आला हेतूचा प्रश्न. माझी बदली का झाली हे मला, शिपायाला, समोरच्या झेरॉक्सवाल्याला, सगळ्यांना माहीत होतं. एका नस्तीवर, म्हणजे फाइलवर, मी प्रतिकूल टिप्पणी लिहिली होती. निदान मला तसं वाटत होतं. "मग लिहू या दुष्ट हेतू," मी उत्साहाने म्हणालो. "कोणाचा?" साहेबांनी विचारलं. "ज्याचा हेतू दुष्ट त्याला नावाने प्रतिवादी करावं लागेल. आणि पुरावा?" इ. पी. रोयप्पा तामिळनाडूचे मुख्य सचिव होते. त्यांना त्या खुर्चीवरून हलवलं तेव्हा ते थेट सर्वोच्च न्यायालयात गेले, मुख्यमंत्र्यांवर हेतूचा आरोप केला. त्या निकालाने मनमानी आणि समानता यांचं वैर आहे हे तत्त्व देशाला दिलं, विधीच्या विद्यार्थ्यांना ते पाठ असतं. रोयप्पा स्वतः मात्र हरले. दुष्ट हेतूचा आरोप करणं सोपं, सिद्ध करणं अवघड, आणि आरोप जितका गंभीर तितका पुरावा भक्कम हवा, असं न्यायालय म्हणालं. जिथे मुख्य सचिवांना जमलं नाही तिथे मी कोण? माझ्या अर्जातून हेतू गेला. उरलं ते एवढंच: कारण लिहिलंय का, कुठे लिहिलंय, आणि मान्यता आदेशाच्या आधीची आहे की नंतरची.

सोमेश तिवारी यांचा २००८ चा निकाल त्या मानाने आम्हाला जवळचा. निनावी तक्रारीवरून बदली, चौकशीत तक्रारीत तथ्य नाही असं निघालेलं, तरी बदली कायम. शिक्षेऐवजी केलेली बदली बेकायदा, असं तिथे ठरलं. पण माझ्याविरुद्ध तक्रारही नव्हती. निदान तेव्हापर्यंत नव्हती.

अर्जाच्या पहिल्या पानावर प्रतिवादींची नावं असतात. क्रमांक एक, शासन, सचिवांमार्फत. क्रमांक दोन, ज्यांनी सही केली ते विभागप्रमुख. आणि क्रमांक तीन. "हे कशाला?" मी विचारलं. "तुमच्या खुर्चीवर आलेला माणूस," साहेब म्हणाले. "तुम्ही जिंकलात तर जाणार तोच. त्याला न ऐकता आदेश कसा होईल?" खरं सांगतो, तोवर मी त्या माणसाचा विचारच केला नव्हता. आदेशात माझ्या खालच्या ओळीत त्याचं नाव होतं, 'यांच्या जागी' या दोन शब्दांनी माझ्या नावाला जोडलेलं. मला तो शत्रूही वाटत नव्हता. मला तो टंकलेखन वाटत होता.

जिल्हा परिषदेच्या शिक्षकांत यासाठी एक नेमका शब्द आहे. बदल्या ऑनलाइन झाल्यापासून एखाद्याने पसंतीक्रमात आपली शाळा मागितली आणि ती त्याला मिळाली की बसलेला उठतो. 'मला खो बसला' असं ते म्हणतात. 'कोणी दिला?' असंही विचारतात, आणि नाव निघतं, मग गावोगावच्या ग्रुपवर दोन-चार दिवस त्या नावाचा उद्धार होतो. खो देणाऱ्याला तरी कुठे बसायला जागा असते? तो मागून कोणाचा तरी खो खाऊनच आलेला असतो.

तिसऱ्या तारखेला तो मला भेटला. मॅटच्या बाहेर बाकावर एक माणूस मांडीवर प्लास्टिकची फाइल घेऊन बसला होता. पुकारा झाला तेव्हा आम्ही दोघं एकदमच उठलो. पुढची तारीख पडली आणि बाहेर आल्यावर तो म्हणाला, "साहेब, तुम्हीच ना अर्जदार?" मी हो म्हटलं. "मी तीन नंबर." मग आम्ही त्याच बाकावर बसलो, दुसरीकडे जागा नव्हती म्हणून.

वकील नव्हता त्याच्याकडे. दर तारखेची फी परवडत नाही म्हणाला. चार वर्षं एका आडबाजूच्या तालुक्याला काढली होती. मुलगा सात वर्षांचा, जन्मापासून ऐकू न येणारा. कानाची शस्त्रक्रिया झाली, यंत्र बसवलं. पण यंत्र बसवून मूल बोलायला लागत नाही, त्याला आवाज ओळखायला शिकवावं लागतं, आठवड्यातून तीन दिवस, आणि ते शिकवणारी बाई फक्त जिल्ह्याच्या ठिकाणी. त्याने प्लास्टिकच्या फाइलमधून मला विनंती अर्जांच्या पोच दाखवल्या. तीन मे महिने, तीन अर्ज. तिन्ही वेळा काही नाही. मग कोणीतरी त्याला एका माणसाकडे नेलं, त्या माणसाने पत्र दिलं, आणि ऑक्टोबरात काम झालं. "कुणाची जागा घेतोय ते विचारलं नाही मी," तो म्हणाला. "विचारायला हवं होतं का?"

मला उत्तर सुचलं नाही. त्याच्या तीन अर्जांसारखे किती अर्ज मी 'दप्तरी दाखल' असा शेरा मारून बंद केले होते. कायद्याने माझी बाजू खरी होती, याबद्दल मला तेव्हाही शंका नव्हती आणि आज नाही. पण त्याची गरजही खरी होती, आणि ती सरळ वाटेने मांडून तीनदा थकल्यावर तो आडवाटेने आला होता.

पुढच्या सुनावणीत सरकारच्या सादरकर्त्या अधिकाऱ्यांनी शिल्पी बोस निकाल वाचला, १९९० चा, बिहारचा. प्राथमिक शिक्षिकांनी पती जिथे नोकरीला तिथे बदली मागितली, सरकारने दिली, त्यामुळे जे हलले ते न्यायालयात गेले. उच्च न्यायालयाने बदल्या रद्द केल्या, सर्वोच्च न्यायालयाने त्या पुन्हा कायम केल्या. शासकीय सूचनांचा भंग झाला असला तरी न्यायालयाने अशा बदल्यांत सहसा पडू नये, वैधानिक नियम मोडला असेल किंवा हेतू दुष्ट असेल तरच पडावं. मी मागच्या बाकावर बसून ऐकत होतो आणि माझं मन गुपचूप त्या शिक्षिकांच्या बाजूला जाऊन बसलं होतं. माझेच वकील उठले आणि म्हणाले, "बिहारमध्ये त्या सूचना होत्या, आमच्याकडे विधिमंडळाने केलेला कायदा आहे." आमच्या सगळ्या प्रकरणाचा कणा एवढाच होता, आणि तो मोडला नाही.

मूळ नस्ती मागवली गेली. तिच्यातली टिप्पणी दोन ओळींची होती. 'मा. लोकप्रतिनिधी महोदयांचे पत्र अवलोकन व्हावे. मान्य झाल्यास त्यानुसार आदेश निर्गमित करता येतील.' खाली सही, तारीख. वरच्या प्राधिकाऱ्याची मान्यता होती, पण तिची तारीख आदेशानंतर पाच दिवसांची. लोकप्रतिनिधीने शिफारस केली म्हणून बदली आपोआप अवैध ठरते असं नाही. मोहम्मद मसूद अहमद प्रकरणात २००७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तसं सांगितलेलंच आहे. पण शिफारस म्हणजे कारण नव्हे. ते कारण खात्याने स्वतः शोधून लिहायचं असतं. आणि इथे तर ते फाइलमध्येच होतं! तीन विनंती अर्ज, शस्त्रक्रियेची कागदपत्रं, सगळं जोडपत्रांत. 'कर्मचाऱ्याच्या दिव्यांग पाल्याच्या उपचारांची निकड विचारात घेता' अशी एक ओळ कोणी लिहिली असती आणि ती वर पाठवून आधी मान्यता घेतली असती, तर मी बहुधा हरलो असतो. ती ओळ लिहायला आस्थापनेवरच्या माणसाला दोन मिनिटं लागतात. मला लागली असती.

त्याऐवजी सरकारने शपथपत्र दाखल केलं, आणि त्यात पहिल्यांदाच मला कळलं की माझ्या कामाबद्दल 'मौखिक तक्रारी' होत्या. यावर १९७७ चा मोहिंदरसिंग गिल निकाल वाचला गेला. आदेश ज्या कारणांवर उभा आहे त्यांवरच तो टिकला किंवा पडला पाहिजे, मागाहून शपथपत्रातून नवी कारणं पुरवता येत नाहीत.

मार्चमध्ये आदेश रद्द झाला. मला मूळ पदावर घ्यायचं, प्रतिवादी क्रमांक तीनला खात्याने योग्य ठिकाणी पदस्थापना द्यायची. खात्याला योग्य वाटलेलं ठिकाण म्हणजे त्याचा जुना तालुका. वकीलसाहेबांना मी पेढे दिले. मुलीचा शेवटचा पेपर त्याच आठवड्यात झाला होता, म्हणजे तो कापूरही तसा जळून गेला होता. पाच महिने मी ज्या घरासाठी भांडलो त्या घरात शनिवार-रविवारचा पाहुणा म्हणून राहिलो होतो. जिंकून परत आल्यावर कार्यालयात कोणी काही बोललं नाही. चहाच्या वेळी खुर्च्या जरा लांब सरकल्या एवढंच. न्यायालयात जाऊन आलेला माणूस हा सरकारी कार्यालयात कॅव्हेट, म्हणजे 'मला ऐकल्याशिवाय आदेश नको' अशी आगाऊ सूचना, लावल्यासारखा वावरतो. त्याला हात लावण्याआधी लोक दोनदा विचार करतात, आणि शक्यतो लावतच नाहीत.

टेबलाचा खण उघडला तर आत एक आखीव कागद. सुवाच्य अक्षरात प्रलंबित नस्त्यांची यादी, एकोणीस. प्रत्येकीपुढे ती टेबलावर आल्याची तारीख, काय राहिलंय, कोणाला फोन करायचा. चार नस्त्यांपुढे लाल पेनने खूण आणि कंसात 'सात दिवस उलटले'. मी त्या लाल खुणांकडे बघत राहिलो. त्याच बदली कायद्याचं कलम १०. कोणतीही नस्ती कर्मचाऱ्याकडे सात कामकाजी दिवसांपेक्षा जास्त पडून राहू नये. कायद्याच्या पूर्वार्धासाठी मी पाच महिने लढलो होतो. हा माणूस, जो त्या पूर्वार्धामुळे गेला, जाता जाता उत्तरार्ध पाळून गेला होता. यादीखाली लिहिलं होतं, 'काही अडल्यास फोन करावा', आणि नंबर. मी तो मोबाईलमध्ये साठवला. नाव काय घालावं सुचेना, 'प्र. क्र. ३' असं घातलं. अजून तेच आहे.

चार नस्त्यांपैकी तीन मी त्याच आठवड्यात काढल्या. चौथीसाठी फोन करायला हवा होता, केला नाही. काय बोलणार?

एप्रिलच्या शेवटी एका रात्री साडेनऊला मोबाईलवर 'प्र. क्र. ३' उमटलं. मी क्षणभर तसाच धरून ठेवला.

"साहेब, झोपला नाहीत ना? एक विचारायचं होतं. विनंती अर्जांची मुदत परवा संपतेय. तुम्ही आस्थापनेवर होतात असं कळलं. कारणाच्या रकान्यात नेमकं काय लिहायचं असतं?"

"मागच्या तीन अर्जांत काय लिहिलं होतं?"

"कौटुंबिक अडचण."

मी उठून दिवा लावला, चष्मा शोधला. "कागद-पेन घ्या. कौटुंबिक अडचण लिहायची नाही. मुलाच्या दिव्यांगत्व प्रमाणपत्राचा क्रमांक आणि तारीख आधी. मग शस्त्रक्रिया कधी झाली ते. मग उपचार आठवड्यातून किती वेळा आणि कुठे मिळतात, त्या बाईंचं पत्र जोडा, सोबत आधीच्या तिन्ही अर्जांच्या पोच. माझी खुर्ची मागू नका, ती रिकामी नाही. त्याच शहरात दोन पदं मेअखेर निवृत्तीने रिक्त होतायत, त्यांची नावं सांगतो. लिहिताय ना?"

"लिहितोय."

"शेवटी लिहा, सबब उपरोक्त कारणे विचारात घेऊन मला या रिक्त पदावर पदस्थापना मिळावी. आणि पदस्थापनात नळाचा न. बाणाचा नाही."